दसरूचा सांडवा

या, इकडे पाळीच्या दगडांवर बसा. इथे ऊन तोंडावर येत नाही आणि तलाव एका नजरेत मावतो. दुर्बिणी जरा बाजूला ठेवा. पक्षी कुठे पळून जात नाहीत, ते आमच्यापेक्षा जुने रहिवासी आहेत.

पाण्याच्या मधोमध ते पांढऱ्या झाडांचं टेकाड दिसतं ना, ते दसरूचं टेकाड. झाडं वठलेली नाहीत. बगळ्यांनी आणि पाणकावळ्यांनी शिटून शिटून ती तशी केली आहेत. पावसाळ्यात तिथे घरट्याला घरटं लागून असतं आणि कलकलाट असा की डोळे मिटले तर वाटावं, आठवडी बाजार भरला आहे. माणूस मात्र तिथे जात नाही. आम्ही मासे धरणारे ढिवर लाकडी डोंगा घेऊन टेकाडाला वळसा घालतो, कारण वरून पाण्यात रोज खत पडतं आणि खालचे मासे चांगले पोसतात. पण टेकाडावर पाय कोणी ठेवत नाही. परवा एक पाहुणे फारच हट्टाला पेटले होते. मी म्हटलं, साहेब, दुरून डोंगर साजरे असतात, टेकाड तर त्याहून साजरं असतं. रागावले बिचारे.

मी बुधराम वलथरे. जाळं टाकतो, आणि तुमच्यासारखे कोणी आले तर तलाव दाखवतो. गोष्ट सांगण्याआधी तलावाची ठेवण सांगतो, म्हणजे पुढे अडणार नाही. तीन बाजूंना टेकड्या आहेत. पश्चिमेच्या जंगलातून ओढा येतो आणि तलावाला भरतो. पूर्वेची बाजू मोकळी होती, ती आपण बसलो आहोत त्या पाळीनं बंद केली. पाळीच्या पोटाशी पाणी सगळ्यात खोल, तिथे मरळ आणि शिंगूर हे मासे राहतात. जंगलाकडे जाल तसं पाणी उथळ होत जातं. आधी कमळं, मग शिंगाडा, मग देवधानाचा हिरवा पट्टा, मग चिखल आणि मग गवत. देवधान कोणी पेरत नाही, ते पाण्यातच उगवतं आणि पाण्यातच झडतं. त्यातच पाणकोंबड्या अंडी घालतात. पाळीच्या मागे, खोलगटात, ती कौलं दिसतात तो खालटोला. त्याच्या पुढे धानाच्या बांध्या, नजर जाईल तिथवर.

आता उत्तरेला बघा. दोन टेकड्यांच्या मध्ये खाच आहे, तिथे पाळ नाही. तलाव भरला की जास्तीचं पाणी त्या खाचेतून निघतं आणि पलीकडच्या जंगलातल्या नाल्याला मिळतं. तो दसरूचा सांडवा. टेकाडही त्याचंच आणि सांडवाही त्याचाच. कोण हा एवढा मोठा जमीनदार, असं तुम्हाला वाटत असेल. त्याच्या नावावर हातभर जागा नव्हती, असे सांगतात.

फार जुनी गोष्ट आहे. गोंड राजांच्या काळातली म्हणतात. कोणत्या राजाच्या ते कोणाला ठाऊक नाही, मला तर नाहीच नाही. तेव्हा इथे तलाव नव्हता. ओढा पावसाळ्यात धावायचा आणि दिवाळी झाली की वाळायचा. कोहळी लोक पाण्याच्या शोधात इथे आले. वाहतं पाणी कुठे अडवावं हे कोहळ्यांच्या डोळ्यांना कळतं, असं आमच्याकडे आजही म्हणतात. त्यांचा पुढारी आडकू पाटील. त्यानं तीन टेकड्या बघितल्या, मोकळी बाजू बघितली आणि सांगितलं, इथे पाळ घालायची. सगळं गाव कामाला लागलं. माणसं माती खणायची, बाया टोपल्या वाहायच्या, बैल तुडवायचे, आणि तुडवलेल्या मातीवर लाकडी चोपणी मारून ती दगडासारखी करायची. पाळ हे काही 'पी हळद आणि हो गोरी' असलं काम नव्हे. एक उन्हाळा त्यात गेला.

चोपणी मारणाऱ्यांत दसरू होता. अंगानं किरकोळ, पण हात असा की त्यानं चोपलेल्या मातीत मुंगीला वाट सापडत नसे म्हणे. पाटलानं पाळ राखायचं काम त्यालाच दिलं. पाऊस पडून गेला की तो पाळीवरून चालायचा, खेकड्यांची बिळं शोधायचा, ओल कुठे पाझरते ते तळहातानं बघायचा. घरी त्याची बायको भिवरा; लेक चैती पुढच्या वर्षी झाली. बडबड्या माणूस होता. पाळीवर एकटा असला तरी मातीशी बोलायचा, असं सांगतात. हे लक्षात ठेवा म्हणत नाही मी, पण सांगताना मला दर वेळी तेवढंच टोचतं.

पहिल्या पावसाळ्यात तलाव काठोकाठ भरला. पाणी बघून लोक नाचले. आणि भाद्रपदाच्या एका दुपारी पाळ फुटली. जाताना पाण्यानं खालटोल्यातली घरं नेली, गोठे नेले, माणसंही नेली. पुढच्या उन्हाळ्यात पुन्हा पाळ घातली, जास्त रुंद, जास्त उंच. तीही गेली.

का गेली? आता शाळकरी पोरही सांगेल, की भरल्या भांड्यात ओतत राहिलं तर ते उतू जाणारच. तलावाला जास्तीचं पाणी सोडायला वाट नव्हती. पण ज्या लोकांनी डोक्यावर टोपल्या वाहून पाणी अडवलं, त्यांना पाणी सोडायचं सुचणार कसं? कोरड्या मुलखातून आलेली माणसं ती. पाण्याचा थेंब जाऊ देणं त्यांना पाप वाटायचं. पाळ फुटली की ती म्हणायची, अजून उंच करा. त्यांना हसू नका, उपाशी माणूस भाताच्या हंडीचं झाकण उघडं ठेवत नाही.

मग गावाच्या देवीच्या पुजाऱ्याच्या अंगात आलं. तलाव माणूस मागतो, असं तो म्हणाला. असली गोष्ट तुम्ही इतर गावांतही ऐकली असेल. तिथे कोणाची तरी सून पाळीत गाडतात, नाहीतर कोणाचं मूल. आडकू पाटील मात्र रक्ताला तयार होईना. त्यानं पुजाऱ्याचे पाय धरले. पुजारीही माणूसच होता. बराच वेळ घुमून तो म्हणाला, रक्त नको, माणूस जिवंतच द्या. पण दिलेला म्हणजे दिलेला. ओढ्याच्या मधोमध ते टेकाड आहे, पाणी भरलं की त्याचं बेट होईल, तिथे तो राहील. त्यानं काठावर पाय ठेवायचा नाही. त्यानं कोणाशी बोलायचं नाही आणि कोणी त्याच्याशी बोलायचं नाही. तो गावाला मेला.

गावात बिसन नावाचा एक म्हातारा होता. ना बायको, ना पोर. तो लगेच उठला आणि म्हणाला, मी जातो, मला काय! पुजाऱ्यानं त्याला खाली बसवलं.

"ज्याच्या मागं रडनारं कोनी नाई, त्याले देऊन तुमी दिलं काय?" तो म्हणाला.

सगळे माना खाली घालून बसले. प्रत्येकाच्या मागे रडणारं कोणी ना कोणी होतं, आणि म्हणूनच कोणी उठत नव्हतं. शेवटी दसरू उठला. पाळ दोन्ही वेळा त्याच्या राखणीत फुटली होती, ते त्याच्या मनाला लागलं होतं.

"मले द्या. पाळ माह्या हातची हाये," तो म्हणाला. मग भिवराकडे वळून हळूच म्हणाला, "चैती खालटोल्यातच वाढन नं. पाळ टिकली पायजे."

भिवरा काही बोलली नाही. बोलली असती तर तो थांबला असता, असं आमच्या बाया म्हणतात. पुरुष म्हणतात, थांबला नसता. हा वाद अजून मिटलेला नाही.

पाळ तिसऱ्यांदा घातली. पावसाच्या तोंडावर दसरूला टेकाडावर सोडलं, सोबत एक डोंगा, एक कुऱ्हाड आणि जाळं दिलं. डोंगा मासे धरण्यासाठी, काठाला लावण्यासाठी नव्हे. गावानं त्याचं सुतक धरलं. दहावा केला, तेरवी केली. भिवराच्या बांगड्या उतरवल्या. तेरवीच्या जेवणाच्या चुलींचा धूर टेकाडावरून दिसत होता. आपल्याच तेरवीचा धूर बघणारा माणूस साऱ्या मुलखात तेवढा एकच झाला असेल. आणि त्या वर्षी पाळ फुटली नाही. पाऊस बेताचा होता की तलाव प्रसन्न झाला, कोण जाणे. गावानं मात्र ठरवून टाकलं, की दिलेल्या माणसामुळे पाळ उभी आहे. एकदा असं ठरलं की पाळीइतकंच ते घट्ट होतं.

आता तो टेकाडावर जगला कसा, ते ऐका. कोणी काही द्यायचं नाही असा नेम होता, पण तलाव देत होता. देवधान झोडून तो भात शिजवायचा. कमळाचे कंद, शिंगाडे, गोगलगायी, मासे. टेकाडावर आधी दोनच झाडं होती. तो राहायला आला आणि बगळे आले. तो त्यांना हाकलत नसे, दगड मारत नसे. कसा मारील? तेवढीच सोबत होती. पिल्लं खाली पडली तर उचलून फांदीवर ठेवायचा म्हणे. पक्ष्यांच्या विष्ठेतून बिया पडल्या, झाडं वाढली, झाडं वाढली तसे आणखी पक्षी आले. पाणकोंबड्या देवधानात अंड्यांवर बसलेल्या असताना तो तिकडे डोंगा नेत नसे. म्हणून आम्ही ढिवरही पिल्लं पाण्यात उतरेपर्यंत देवधानाच्या पट्ट्यात जाळं टाकत नाही. त्याच्यापासूनच ही रीत पडली, असे सांगतात.

आणि भिवरा? तिनं नेम मोडला नाही, पण बाई हुशार होती. संध्याकाळी धुणं घेऊन ती काठावर यायची. त्या वेळी वारा पडतो आणि पाण्यावरून आवाज फार लांब जातो, हे तुम्ही आज सांजेला करून बघा. धुणं आपटता आपटता ती तलावाशी बोलायची. तलावाशी बोलू नये, असं पुजारी म्हणाला नव्हता.

"आयकतेस का रे तलावा? चैती आज उभी राह्यली. दोन पावलं टाकली अन् धपकन बसली," असं ती सांगायची. कधी म्हणायची, "तलावा, बकरी व्याली. दोन पाठी झाल्या." कधी नुसतंच, "तलावा, आज काई नाई झालं."

टेकाडावरून उत्तर यायचं नाही. यायचंच नव्हतं. मातीशीसुद्धा बोलणारा तो माणूस गप्प बसून ऐकायचा. दिसायचा फक्त झाडांतला एक काळा ठिपका. हिवाळ्यात वारा पाळीकडून टेकाडाकडे वाहतो. तेव्हा भिवरा वाळक्या भोपळ्यात भाकर ठेवून तोंड बंद करायची आणि तो भोपळा पाण्यात सोडून द्यायची. आता पाण्यात काय पडतं नि कुठे लागतं, त्याला कोण काय करणार? गावाला ते दिसत होतं. गावानं डोळे झाकले. एवढी माणुसकी गावातही होती.

अशी वर्षं गेली. चैती मोठी झाली. तिला बाप म्हणजे दुरून दिसणारा ठिपका, एवढंच माहीत. पोरं खेळताना म्हणायची, तुझा बा तळ्यात. ती भांडून यायची. पुढे खालटोल्यातल्याच एका घरी तिला दिली. लग्नाची हळद भिवरानं पाण्यात सोडली आणि तलावाला सांगितलं, पोरगा कष्टाळू आहे, जरासा रागीट आहे. मग एका श्रावणात तिनं सांगितलं, "तलावा, चैतीले पोरगी झाली. खालटोल्यातच हाये. दोघी बऱ्या हायेत."

त्याच महिन्यात पावसानं धरलं. जंगलातला ओढा लाल पाणी घेऊन धावू लागला, आणि तलाव असा चढला की कोणीच तसा पाहिलेला नव्हता. देवधान बुडालं. पाणकोंबड्या पिल्लं घेऊन गवतात आल्या. गावानं पाळीवर माती टाकायला घेतली. म्हातारा झालेला आडकू पाटील छत्रीसारखं घोंगडं पांघरून पाळीवर उभा राहून ओरडत होता, उंच करा, उंच करा.

टेकाडावरून दसरूला जे दिसत होतं, ते पाळीवरच्यांना दिसत नव्हतं. पाळीवर उभ्या माणसाला फक्त पाळ दिसते. तो मात्र इतकी वर्षं पाण्याच्या मधोमध बसून पाणी कुठून येतं आणि कुठे जाऊ बघतं, तेवढंच पाहत होता. दुसरं काम काय होतं त्याला? उत्तरेच्या खाचेत पाणी ओठाशी आलं होतं. तिथली माती थोडी खणली, तर पाणी आपण होऊन पलीकडच्या नाल्याला जाईल, हे त्याला दिसलं. आणि डोंगा पाळीच्या बाजूनं नेला, तेव्हा दगडांतून खेकडे बाहेर पडून वर चढताना दिसले. पाळ आतून भिजली होती. पाळ राखलेल्या माणसाला याचा अर्थ कोणी सांगावा लागत नाही.

आता बघा त्याची कोंडी. बोलायचं नाही. काठाला पाय लावायचा नाही. लावला तर नेम मोडला, आणि नेम मोडल्यावर पाळ फुटली तर सारं गाव म्हणणार, दसरूनं बुडवलं. आणि न लावला तर खालटोल्यात चैती होती, आणि तिच्या कुशीत त्याची नात होती, जिचं नाव अजून ठेवायचं होतं.

सकाळची वेळ होती, पण अंधारून आलेलं. गुराख्यांनी पाहिलं, की डोंगा उत्तरेच्या खाचेला लागला आणि झाडाच्या मुळासारखा दिसणारा एक माणूस काठावर उतरला. गुरं तिथेच टाकून ते बोंबलत पाळीकडे पळाले, दिलेला माणूस काठावर आला! पाळीवरची माणसं हातात होतं ते घेऊन धावली, काठ्या, फावडी, कुऱ्हाडी. जाऊन बघतात तर तो वाकून कुऱ्हाडीनं माती फोडत होता आणि हातांनी उपसत होता. त्यानं वर पाहिलं. तोंडातून शब्द काढला नाही. पाळीकडे हात केला, पाण्याकडे केला, खाचेकडे केला, आणि पुन्हा वाकला.

"पानी सोडून द्याचं म्हन्ते का हा?" आडकू पाटील म्हणाला. दसरूला नाही, बाजूच्या माणसाला. "अरे, त्याले आडवा कोनी!"

पण अडवणार कसं? मेलेल्या माणसाला हात लावायचा कोणी? सगळे काठ्या घेऊन नुसते उभे राहिले. पाऊस कोसळत होता. त्या गर्दीतून भिवरा पुढे आली. तिच्या हातात कुदळ होती. ती त्याच्याशी बोलली नाही, त्याच्याकडे पाहिलंही नाही. त्याच्या बाजूला जाऊन उभी राहिली आणि कुदळ मारली. त्यानं माती ओढली, तिनं पुन्हा कुदळ मारली. जणू कालच एकत्र बांधीत राबून घरी गेले होते. मग चैतीचा नवरा, तो रागीट पोरगा, काठी फेकून फावडं घेऊन उतरला. त्याच्यामागून एकेक करत सगळे उतरले. शेवटी पाटीलही उतरला, असे सांगतात.

दुपारी पाण्यानं वाट धरली. आधी बोटभर, मग हातभर, आणि मग आपणच आपली खाच रुंद करत ते गर्जत पलीकडच्या नाल्यात जाऊ लागलं. पाळीला टेकलेलं पाणी उतरलं. पाळ उभी राहिली. संध्याकाळपर्यंत पाऊसही थांबला.

लोक चिखलानं माखून तिथेच बसले होते. दसरू थोडा बाजूला, एका दगडावर बसला होता. डोंगा बाजूलाच होता, पण तो डोंग्यात बसत नव्हता. तो कशासाठी थांबला आहे, हे तिथल्या प्रत्येकाला कळत होतं. एक शब्द हवा होता. 'ये' म्हणायला किती वेळ लागतो? पण त्याच्याशी बोललं, की तो जिवंत झाला. आणि तो जिवंत झाला, की गावानं तलावाला काहीच दिलेलं राहिलं नाही. पाळ वाचली ती खणलेल्या खाचेमुळे, की दिलेल्या माणसामुळे? खाचेमुळे, असं प्रत्येकाला वाटत होतं. पण तसं नसलं तर? मांजराच्या गळ्यात घंटा कोणी बांधायची, तशातली गत. पाटलानं पुजाऱ्याकडे पाहिलं, पुजाऱ्यानं जमिनीकडे. ज्यांनी त्याच्याबरोबर टोपल्या वाहिल्या होत्या, ते म्हणाले असतील मनात, आधी भिवरा म्हणू दे.

आणि भिवरा? तिच्या ओठांवर आलं होतं, असं ती पुढे चैतीला सांगायची. पण तिची नजर खाली खालटोल्याकडे गेली. चैतीच्या घरातून बाळंतिणीच्या शेकाचा धूर निघत होता. तिनं शब्द गिळला.

मला इथे दर वेळी राग येतो. इतकी वर्षं सांगतोय, पण येतो. आणि मग मनात येतं, मी तिथे असतो तर मी तरी काय केलं असतं? मीही बाजूच्याचं तोंड बघत बसलो असतो.

दसरू बराच वेळ बसला. मग उठला, हात पाण्यात धुतले आणि डोंग्यात बसला. कोणी हललं नाही. डोंगा कमळांपर्यंत गेला असेल, तेवढ्यात मागून कोणी धावत आलं. चैती होती. ओली बाळंतीण, पोर घरी टाकून, चिखलातून पडत-उठत आली होती. कोणीतरी तिला जाऊन सांगितलं होतं. तिनं कोणाला काही विचारलं नाही. सरळ पाण्यात गुडघाभर शिरली आणि जन्मात पहिल्यांदा हाक मारली.

"बा! घरी ये रे बा!"

संध्याकाळची वेळ, वारा पडलेला. ती हाक टेकड्यांवर आपटून परत आली. आणि त्या क्षणी काठावरच्या एकूण एक माणसानं मान वळवून पाळीकडे पाहिलं. फुटते का, ते बघायला.

पाळ फुटली नाही. कणभर माती ढळली नाही. लोकांनी श्वास सोडला आणि पुन्हा तलावाकडे वळले, तर पाण्यावर कोणी नव्हतं. डोंगा कमळांच्या पलीकडे, टेकाडाच्या सावलीत शिरला होता.

"आयकू नसन गेलं त्याले," कोणीतरी म्हणालं.

"गेलं आयकू," चैती म्हणाली. एकटी तीच पाळीकडे वळली नव्हती. "त्यानं वळून पाह्यलं. आधी मले पाह्यलं. मंग तुमाले पाह्यलं."

एवढंच बोलून ती पाण्यातून बाहेर आली आणि घरी गेली. पोर रडत होतं.

दुसऱ्या दिवशी उजाडताच सगळं गाव डोंगे, ओंडके, जे मिळेल ते घेऊन टेकाडाकडे निघालं. आता सगळ्यांच्या तोंडी 'ये' होतं. टेकाडावर चूल होती, तिच्यातली राख थंड होती. माणूस नव्हता, त्याचा डोंगाही नव्हता. कोणी म्हणतात, तो ओढ्याच्या तोंडातून जंगलात निघून गेला. कोणी म्हणतात, तो पाण्यातच गेला. भिवरा मरेपर्यंत संध्याकाळी धुणं घेऊन काठावर येत राहिली, पण तलावाला तिनं पुन्हा बातमी सांगितली नाही. नुसती कपडे आपटायची, पिळायची, जायची. तेव्हापासून टेकाडावर कोणी पाय ठेवत नाही. त्या माणसाला आपण तिथे ठेवलं, आता तिथे आपलं काय काम, असं लोकांना वाटलं असावं. पक्ष्यांना ते आयतंच मिळालं.

आजही, दर वर्षी तलाव भरून सांडव्यातून पहिलं पाणी निघालं, की आमचं गाव तिथे गोळा होतं. पोरीसोरी, म्हातारेकोतारे, कोहळी, ढिवर, सगळे. खालटोल्यातल्या बाळंतिणी असतील तर त्याही येतात. ना नारळ, ना गुलाल, ना पूजा. टेकाडाकडे तोंड करून उभं राहायचं आणि हाक मारायची, "दसरू, घरी ये." सगळ्यांनी एकाच वेळी मारायची. एकानं आधी आणि बाकीच्यांनी मागून, असं चालत नाही. आणि हाक मारताना पाळीकडे बघायचं नाही. लहान मुलांची डोकी आया दोन्ही हातांनी धरून ठेवतात, ती वळू नयेत म्हणून.

माझी बायको होती तेव्हा ती माझ्या बाजूला उभी राहायची. पोरं आता नागपूरला असतात, ती काही पावसात येत नाहीत. मी जातो. पाळीच्या मागे माझं घर आहे, पाणी पाळीच्या काठाशी लागलेलं असतं, आणि हाक मारताना मानेमागे अशी काही शिरशिरी उठते की काय सांगू. वळून बघावंसं वाटतं. हाक मारून झाली की थोडं थांबायचं असतं. किती थांबायचं ते ठरलेलं नाही. बगळे उडतात, पुन्हा बसतात. कोणी येणार नाही, हे सगळ्यांना माहीत असतं, पण आधी कोणी निघत नाही.